आबांच्या चार कवळ्या

१

पेला काठोकाठ भरलेला होता, पण त्यात दात नव्हते.

वरच्या फळीवर तीन बरण्या होत्या. त्यांतही नव्हते.

"मावशी," आबा म्हणाले, म्हणजे म्हणायला गेले. ओठ आत ओढले गेलेले, हनुवटी नाकाला भेटायला निघालेली. "माझं तोंड कोणीतरी पळवलं."

मी एकतीस वर्षं या नाटक मंडळीचा कपडेपट सांभाळते. चोरी आमच्याकडे नवी नाही. टोप्या जातात, पट्टे जातात, एकदा राजाची तलवार गेली ती भाजीवाल्याकडे कलिंगड कापताना सापडली. पण माणसाचे दात गेलेले मी पहिल्यांदाच पाहत होते. तेही चार कवळ्या, वरच्या-खालच्या मिळून आठ नग, सकाळी अकरा ते साडेअकरा या अर्ध्या तासात, धनी तीन हातांवर घोरत पडलेला असताना.

आबांना रस्त्यात कोणी ओळखत नाही आणि त्याचाच त्यांना गर्व आहे. बावन्न वर्षं, दोनशेच्या वर भूमिका. न्यायाधीश, खिसेकापू, आजीबाई, सेनापती, दोनदा प्रेत. एका नाटकात त्यांनी बाप, बापाचा वैरी आणि दोघांच्या भांडणात नाक खुपसणारा शेजारी असे तिघे केले. मध्यंतरात एक प्रेक्षक त्यांनाच सांगून गेला की शेजारी बरा आहे, बाकीचे दोघे भिकार. आबा ही गोष्ट बक्षीस मिळाल्यासारखी सांगतात.

अडतिसाव्या वर्षी रंगमंचावरच्या मारामारीत त्यांचे पुढचे दात तुटले. त्यांनी उरलेलेही काढून टाकले. "नायकाला एक चेहरा पुरतो. मला दर नाटकाला नवा लागतो," म्हणाले. तेव्हापासून कवळ्या. एक श्रीमंताची, सरळ आणि पांढरी. एक गरिबाची, किडकी. एक रोजची, घरची. आणि चौथी या नाटकासाठी मुद्दाम घडवलेली, पहारेकऱ्याची, पुढे आलेली आणि पिवळट. कवळी बदलली की आवाज बदलायचा, मान बदलायची, चालसुद्धा बदलायची.

आज साडेसहाला, बावन्न वर्षांत पहिल्यांदा, आबा नायक होणार होते. नाटक एका म्हाताऱ्या पहारेकऱ्याचं. चाळीस वर्षं एका दारावर उभा. नवे साहेब त्याला हटवायला येतात, तो हटत नाही.

व्यवस्थापक धावत आले. नाटक बसवतात तेच आणि गल्लाही तेच बघतात. त्यांनी बरण्या पाहिल्या, आबांचं तोंड पाहिलं, आणि त्यांच्या चेहऱ्यावर दुःख यायला जरा उशीर झाला.

"आबा, कसं करायचं हो? पहिल्या रांगेलाही शब्द कळणार नाही."

"दात गेलेत," आबा म्हणाले. "जीभ शाबूत आहे."

"पाच वाजेपर्यंत थांबतो. नाहीतर बदली नट उभा राहील. तुम्ही समोर बसायचं, मानाच्या खुर्चीवर. सत्कार करू, भाषण करू."

खुर्ची दाराबाहेर तयारच होती. तिच्या पाठीला पितळी पाटी ठोकलेली होती, आबांच्या सेवेबद्दल आणि त्यांच्या निवृत्तीबद्दल. मी अक्षरांखाली बोट फिरवत वाचलं.

पाटीवर तारीख आजचीच होती. आणि पितळेवर कोरीव काम अर्ध्या तासात होत नाही.

२

"मावशी, तुम्ही बटणं लावा," व्यवस्थापक जाताना म्हणाले. "चोर शोधणं तुमचं काम नाही."

"बटण लावणारीला भोक कुठं आहे ते आधी दिसतं," मी म्हटलं.

दाराला आतून कडी लावून मी खोली नीट पाहिली.

तिन्ही बरण्यांतलं पाणी पिवळसर होतं. आबा प्रत्येक बरणीत दोन लवंगा टाकतात, तोंडाला वास येऊ नये म्हणून. त्या तळाशी पडलेल्या होत्या. पण बेसिनजवळचा पेला, ज्यात रोजची कवळी असते, त्यातलं पाणी नितळ होतं. लवंगा नव्हत्या. बेसिनच्या जाळीत मात्र दोन लवंगा अडकलेल्या सापडल्या. कोणीतरी पेल्यातलं जुनं पाणी ओतलं होतं, पेला विसळला होता आणि ताजं पाणी भरून जागेवर ठेवला होता.

दात घेऊन पळणारा चोर मागे पेला कशाला विसळेल?

बेसिनमध्ये आबांचा पंचा होता. पडलेला नव्हता, चौघडी करून तळाला अंथरलेला होता. ओला.

मी फाटकावरच्या पहारेकऱ्याला गाठलं, म्हणजे आमच्या खऱ्या पहारेकऱ्याला. इमारतीला दार एकच. तो म्हणाला, "दिवेवाले सगळे अकराच्या आधीच समोर चहाला गेले. आत उरले व्यवस्थापक, तो चिकणा, बाई आणि तुम्ही. सव्वाअकराला आबांची मुलगी डबा घेऊन आली. अजून कोणी बाहेर गेलेलं नाही."

म्हणजे चोर आत होता आणि दातही आतच होते.

चिकणा म्हणजे बदली नट. चाळिशीचा, गोरागोमटा, मालिकांत दिसतो. बाई म्हणजे बाईच. पंचेचाळीस वर्षं या मंडळीची नायिका. अजून जाहिरातीवर त्यांचंच हसू छापतात. या नाटकात त्या पहारेकऱ्याची बायको होत्या आणि त्यांची खोली आबांच्या खोलीला लागून.

काल तालमीत जे झालं ते मला आठवलं. शेवटच्या प्रवेशात साहेब म्हणतात, तू म्हातारा झालास. तेव्हा आबांना सुचलं की पहारेकऱ्यानं सगळ्यांसमोर कवळी काढून टेबलावर ठेवावी आणि बोळक्या तोंडानं शेवटचं वाक्य म्हणावं. व्यवस्थापक उसळले. "लोक तिकीट काढून बोळकं बघायला येत नाहीत!" आबा ऐकेनात. उलट बाईंकडे वळून म्हणाले, "बायकोनंही शेजारी उभं राहून हेच करावं. चाळीस वर्षांचा संसार, मी एकट्यानं कशाला?" सगळे हसले. चिकणा तर पोट धरून हसला. बाई म्हणाल्या, "पुढचं वाक्य घ्या."

मी आबांच्या खोलीत परतले. "कोणावर संशय?" मी विचारलं.

त्यांनी कागद ओढला आणि पेन्सिलीनं एकच ओळ लिहिली. मला सत्तेचाळिसाव्या वर्षी अक्षरओळख यांनीच करून दिलेली, त्यामुळे त्यांचं अक्षर मला बाकीच्यांपेक्षा सोपं जातं.

लिहिलं होतं, 'शोधू नकोस.'

३

ज्याचं सगळं गेलं तोच शोधू नको म्हणतो, तेव्हा तो कोणालातरी पाठीशी घालतो. बाप कोणाला पाठीशी घालेल?

आबांची मुलगी इस्पितळात परिचारिका आहे. ती जिन्याच्या पायरीवर डबा मांडीवर घेऊन बसली होती.

"बरं झालं गेले ते," मला बघताच म्हणाली. "बसतील आता घरी."

"अगं, काय बोलतेस!"

"खरं तेच बोलते. डॉक्टरांनी दोनदा सांगितलंय, छातीला ताण नको. हे सहा महिने दारावर पहारा देणार, आणि मी घरी यांच्यावर! आई गेली तेव्हासुद्धा दोन अंक करून मग आले होते. मावशी, मला बाप हवाय. न्यायाधीश, खिसेकापू नकोत."

बेसिनमध्ये पंचा कसा चौघडी करून अंथरलेला होता ते मी तिला सांगितलं. ती सहज म्हणाली, "हे तर आम्ही वॉर्डात करतो. कवळी धुताना हातातून निसटली तर फुटू नये म्हणून खाली कापड घालायचं. ज्याची कवळी असते तोही ठेच खाऊन शिकतो. एकदा फुटली की आयुष्यभर पंचा."

"आबा घालतात?"

"बाबा? ते म्हणतात, पडली तर पडली, नवी करू. माझ्याशिवाय कोणी..."

तिला कळलं आपण काय बोललो. तिनं डब्याचं झाकण घट्ट दाबलं.

"मी नाही घेतले, मावशी," ती म्हणाली. "घ्यायचे असते तर दोन महिन्यांपूर्वीच घेतले असते, मनात आलं होतं. पण त्यांच्या पाण्यातल्या लवंगासुद्धा मीच आणून देते."

मी तिच्याकडे बघत राहिले. मग तिच्या पाठीवर थाप मारली.

"पोरी, याच लवंगांनी तुला सोडवलं."

कारण ज्यानं पेला भरला त्यानं लवंगा ओतून दिल्या होत्या आणि नुसतं पाणी भरलं होतं. मुलीनं भरला असता तर हात आपोआप लवंगांच्या डबीकडे गेला असता. तो पेला कोणी मुद्दाम भरलाच नव्हता. चोरी डोक्यानं केली होती, पण हात आपलं रोजचं काम करून आले होते. कवळी बाहेर काढली की शिळं पाणी ओतायचं, पेला विसळायचा, ताजं भरून ठेवायचं, आणि धुताना खाली पंचा घालायचा. घरच्या बेसिनवर रोज सकाळी हे करणाऱ्याचेच हात ते.

म्हणजे या इमारतीत आबांखेरीज आणखी कोणाच्यातरी तोंडात कवळी होती. आणि एकतीस वर्षं सगळ्यांची मापं घेऊनही मला तिचा पत्ता नव्हता.

४

माणसाला तोंड उघड म्हणता येत नाही. पण दोरा तोड म्हणता येतं.

सुई, दोरा आणि चार बटणं घेऊन मी निघाले. कात्री मुद्दाम ट्रंकेत टाकली.

व्यवस्थापक फोनवर होते. मी त्यांच्या कोटाचं बटण पकडलं. "लोंबतंय. लोक काय म्हणतील?"

"ती पाटी महिनाभरापूर्वीच करायला दिली होती, तुमच्या मनात काय आहे ते कळतंय मला," ते फोनवर हात ठेवून म्हणाले. "आज पडदा पडल्यावर सत्कार करून निरोप द्यायचा असं ठरवलं होतं. चोरी माझी नाही. मला चोरीची गरजच नव्हती."

"निरोपाचं आबांना विचारलं होतंत?"

"मूर्तीला विचारून कोणी हार घालतं का?"

"मूर्ती बोलत नाही. आबा बोलतात. घ्या, दोरा तोडा, माझी कात्री हरवलीय."

त्यांनी मान वाकवली आणि कट्कन दोरा तोडला. दात लबाड माणसाचे होते, पण खरे होते.

चिकणा कपडेपटात होता. पहारेकऱ्याचा कोट त्याच्या अंगावर घातला तर खांदे लोंबत होते. त्याचे दात एवढे एकसारखे की माझा पहिला संशय त्याच्यावरच.

"चढव चढव," मी म्हटलं. "आबांची जागा घ्यायला निघालास."

"मावशी, टोचून बोलू नका, सुई आहे तेवढी पुरे." तो चिडला होता. "मला नकोय हे. वाक्यं पाठ आहेत माझी, नाही असं नाही. पण उद्या लोक म्हणणार, म्हाताऱ्याला हुसकावून उभा राहिला. आणि काल मी हसलो ना, तेही डोक्यात फिरतंय. रात्री घरी जाऊन आरशासमोर ओठ आत घेऊन ते शेवटचं वाक्य म्हणून बघितलं. जमत नाही, मावशी. तसं तोंड व्हायला आयुष्य जायला लागतं."

"दोरा तोड."

त्यानं तोडला. एका झटक्यात. वर बटणही दातात धरून दाखवलं. "आईची देणगी आहे, मावशी. सगळी वरची-खालची."

आता एकच दार उरलं होतं. ते ठोठावायचं माझ्या जिवावर आलं. या बाईंच्या पहिल्या नाटकापासूनच्या साड्या माझ्या ट्रंकेत आहेत.

बाई आरशासमोर सफरचंदाच्या पातळ चकत्या करत होत्या. नेहमीसारख्याच, लहान सुरीनं. राणी असंच खाते, असं मंडळीत कौतुकानं म्हणतात.

मी पदराला टाका घातला आणि दोऱ्याचं टोक त्यांच्यापुढे धरलं. "तोडा जरा."

बाईंनी दोरा बोटांत घेतला. ओढला. तुटला नाही. परत माझ्या हातात दिला.

"कात्री शोध," त्या म्हणाल्या. "मी काय उंदीर आहे?"

एकतीस वर्षांत त्यांनी माझ्यासमोर एकदाही दोरा तोंडात धरला नव्हता, हे मला तेव्हा आठवलं. दर वेळी कात्रीच मागितली होती. मी त्याला ऐट समजत आले होते.

घड्याळात सव्वाचार झाले होते. आणि दात कुठं आहेत ते मला अजून ठाऊक नव्हतं.

५

दात चोरणाऱ्याला फेकून देता येतात. पण जो स्वतः कवळी लावतो तो ती कोरडी टाकणार नाही. कोरडी पडली की वाकते, मग हिरड्या सोलते. ज्यानं सोसलंय त्याचा हात ते करणारच नाही. ज्यानं पंचा अंथरला त्यानं पाणीही शोधलं असणार.

मी पिंप पाहिलं, आगीच्या बादल्या पाहिल्या. बादल्यांत पाण्याऐवजी विड्यांची थोटकं होती, आग लागली असती तर बघायला नको. मग रंगमंचावर गेले. पहारेकऱ्याची खोली उभी होती. दार, बाकडं, टेबल, टेबलावर फुगीर पोटाची मातीची फुलदाणी आणि तिच्यात मी केलेली कागदी फुलं.

टेबलाच्या कापडावर एक ओला गोल डाग होता. दुपारीही मला तो दिसला होता. कोणीतरी चहा ठेवला म्हणून मी मनातल्या मनात दोन शिव्या दिल्या होत्या. आता वाकून पाहिलं.

चहाचा डाग तपकिरी असतो. हा हिरवा होता.

त्या फुलांचे देठ मी हिरव्या कागदाचे केलेत. त्या कागदाचा रंग पाण्यात उतरतो, हे माझ्याइतकं कोणाला माहीत? कागदी फुलांना पाणी कोण घालतं?

मी फुलं उपसली, बाही वर केली आणि हात आत घातला. हिरव्या पाण्यातून पहिल्यांदा हाताला लागला पहारेकरी.

६

मी आठही नग धुऊन, ओल्या फडक्यात गुंडाळून, बाईंच्या टेबलावर ठेवले आणि दार लोटून घेतलं.

बाईंनी फडक्याकडे पाहिलं. माझ्या हिरव्या झालेल्या मनगटाकडे पाहिलं. सुरी खाली ठेवली.

"पेल्यात ताजं पाणी भरलंत," मी म्हटलं. "पंचाही अंथरलात. फोडायचे असते तर फोडता आले असते. तुम्ही जपून ठेवलेत."

"जित्याची खोड," बाई हळूच म्हणाल्या. मग एकदम मान वर केली. "जा, सांग त्या व्यवस्थापकाला. ओरडून सांग."

"का केलंत?"

"का? काल चारचौघांत काय म्हणाला ऐकलंस ना? बायकोनंही काढावी! त्याला माहीत आहे. आमचा कवळीवाला एकच आहे. वीस वर्षांपूर्वी त्या दुकानात समोरासमोर आलो, तेव्हा मी त्याला शपथ घातली होती."

"तुमचं नाव नाही घेतलं त्यांनी. आजही घेतलं नाही. मला लिहून दिलं, शोधू नकोस."

बाईंनी चकत्यांची बशी बाजूला सारली. मग म्हणाल्या, "तो काढेल, लोक टाळ्या वाजवतील. म्हणतील, काय नट आहे! आणि शेजारी मी. लोक माझ्या तोंडाकडे बघणार, हिचे खरे का, हिचे खरे का. त्याचं बोळकं म्हणजे कला, मावशी. माझं बोळकं म्हणजे चेष्टा. पंचेचाळीस वर्षं मी हसत आलेय. ओठ दुखेपर्यंत हसलेय. जाहिरातीवर माझं नाव बारीक अक्षरात असतं आणि दात हातभर."

खरं ते खरंच होतं.

"मला त्याचं वाईट करायचं नव्हतं," त्या म्हणाल्या. "आजचा एक दिवस खेळ थांबावा, शेवट बदलावा, एवढंच. चिकणा उभा राहील हे कुठं ठाऊक होतं? आणि ती खुर्ची..."

"त्या खुर्चीच्या जोडीची दुसरी खुर्ची मी गोदामात पाहिलीय," मी म्हटलं. "तिच्यावर अजून पाटी नाही. कोणासाठी असेल, सांगा बघू?"

बाई माझ्याकडे बघत राहिल्या. त्यांचा चेहरा मी हजार वेळा रंगवताना पाहिला होता. असा कधीच पाहिला नव्हता.

"निघते मी," मी फडकं उचललं. "पाच वाजायला आलेत. आबांना दात देते. कोणी घेतले ते मी कोणाला सांगणार नाही. शेवट काय करायचा ते आबा ठरवतील. तुमचं तुम्ही ठरवा."

मी दारापर्यंत गेले तेव्हा मागून आवाज आला.

"मावशी, त्याला विचार, ते वाक्य म्हणताना तो टेबलाच्या कुठल्या बाजूला उभा राहणार आहे?"

७

पाचला पाच मिनिटं असताना आबांनी पहारेकरी तोंडात बसवला आणि मान वाकडी करून व्यवस्थापकांच्या दारात जाऊन उभे राहिले.

"कुठं सापडले?" व्यवस्थापक ओरडले. "कोणी घेतले होते?"

"सापडले म्हणजे झालं," मी म्हटलं. "नाहीतर मलाही पाटीबद्दल लोकांना सांगावं लागेल. महिनाभरापूर्वी करायला दिलेल्या पाटीबद्दल."

ते गल्ल्याकडे वळले. चिकण्यानं कोट उतरवून आबांच्या अंगावर स्वतः चढवला आणि बटणं लावली. मुलगी पडद्याआड औषधाची बाटली घेऊन उभी राहिली. "एक अंक झाला की नाडी बघणार," तिनं बापाला बजावलं. "मध्ये बोललात तर पडदा मी पाडीन."

"मला कळलंय," मी आबांच्या कॉलरला टाका घालताना म्हटलं, "की कोणी घेतले ते तुम्हाला माहीत होतं. पण काल चारचौघांत बोलायला नको होतं."

"चुकलंच," आबा म्हणाले. "मी तिला सोबत बोलावत होतो. तिला वाटलं, मी उघडी पाडतोय. बावन्न वर्षं दुसऱ्यांची तोंडं लावली, मावशी, पण बाईमाणसाच्या तोंडावर जग काय बघतं ते मला कळलं नाही."

नाटक झालं. कसं झालं ते सांगत बसत नाही. शेवटच्या प्रवेशात साहेब झालेला नट म्हणाला, "तू म्हातारा झालास, दारावरून हो बाजूला." आबांनी टोपी काढली, टेबलावर ठेवली. मग कवळी काढली, वरची, खालची, आणि टोपीशेजारी ठेवली. नाट्यगृहात कोणी खोकलंसुद्धा नाही.

"चावणं सोडलं मी," बोळक्या तोंडानं आबा म्हणाले, आणि शेवटच्या रांगेपर्यंत अक्षर न् अक्षर पोहोचलं. "दार सोडलेलं नाही."

पडदा पाडायची खूण ठरलेली होती. पडदेवाल्यानं दोरीला हात घातला आणि तसाच थांबला. कारण बायको पुढे आली होती.

संहितेत बायको तिथं काही करत नाही. बाई सावकाश टेबलापाशी आल्या, फुलदाणी बाजूला सारली, पदराआड न जाता, पाठ न फिरवता, लोकांकडे तोंड करून त्यांनी आपली कवळी काढली आणि आबांच्या कवळीला टेकवून ठेवली. जाहिरातीवरचं ते हसू टेबलावर पडलं होतं. मग त्या दाराच्या दुसऱ्या बाजूला जाऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "दोघं आहोत आम्ही. या आता."

त्यानंतर टाळी लगेच आली नाही. आधी पहिल्या रांगेत एक आजीबाई उठून उभी राहिली. मग तिच्यामागची रांग. मग मी बघणं सोडलं, कारण मला दिसेना.

तो शेवट आता तसाच ठरला आहे. व्यवस्थापक बाहेर सांगतात की तो त्यांनाच सुचला, आणि आम्ही सांगू देतो. निवृत्तीची खुर्ची कपडेपटात आली. पितळी पाटी भिंतीकडे करून तिच्यावर मी इस्त्री केलेले कपडे ठेवते. आणि बेसिनजवळ आता रोज दोन पेले भरते. एकात दोन लवंगा. दुसऱ्यात नुसतं पाणी, कारण लवंगांचा वास बाईंना अजिबात खपत नाही, आणि तसं त्या सगळ्यांसमोर ठणकावून सांगतात.